पाटी एडिट केलेली असली तर काय बिघडतं? बरंच बिघडतं!

तिरसट_नारायणपेठी :
काल इथेच एका सदस्यांनी लिहिलं की फोटोवरचा विनोद हसवतो ना, मग पुणेरी पाटी खरी असो नाहीतर मोबाइलवर केलेली, खाली नाव पुलंचं असो नाहीतर कोणाचंही, काय फरक पडतो, उगाच पोलिसगिरी नको. रात्री दोनदा उत्तर लिहून खोडलं, आता टाकतोच.

आमच्या वाड्याच्या दारावर वडिलांनी 1994 ला पाटी लावली. पत्र्याची, पिवळ्यावर काळी अक्षरं. 'बेल एकदाच वाजवावी. उतरायला वेळ लागतो.' बस एवढंच. आजीचं मांडीचं हाड मोडलं होतं, आई सतत तिच्यापाशी, आणि दूधवाला, गॅसवाला, वर्गणीवाले सगळे बेलवर बोट ठेवून उभे राहायचे. विनोद करायचा कोणाच्या डोक्यातही नव्हतं. मग 2016 च्या सुमारास कोणीतरी फोटो काढला आणि दोन महिन्यांनी माझ्याच मावसभावाने तो मला फॉरवर्ड केला, खाली नवी ओळ चिकटवलेली : 'दुसऱ्यांदा वाजवल्यास वायर आपल्या कानाला जोडण्यात येईल.' फॉन्ट वेगळा, मागचा पिवळा रंगही वेगळा, पण बघतो कोण. त्यानंतर दोन वर्षं लोक दारात सेल्फी काढायला यायचे. आणि सेल्फी काढून झाला की काय करायचे? बेल वाजवायचे. दोनदा.

आणि पुलं. ते गेले 12 जून 2000 ला, व्हॉट्सॲप आलं 2009 ला. परवा आमच्या फॅमिली ग्रुपवर त्यांच्या फोटोसकट नेटपॅक संपल्याचा विनोद आला. तो त्यांनी कुठल्या सिमकार्डावर केला म्हणायचं?

चाळीतला_चष्मा :
मीच तो सदस्य, नाव घेतलं असतं तरी चाललं असतं. ट्रकच्या मागे 'बुरी नजर वाले' पहिल्यांदा कोणी लिहिलं सांगता येईल? रिक्षाच्या मागे 'बघतोस काय मुजरा कर' कोणाचं? लोकांचा विनोद असाच असतो, तो हातोहात फिरतो आणि फिरता फिरता बदलतो, जात्यावरच्या ओव्यांना काय कॉपीराइट होता का? आणि राग मानू नका, पण काकांच्या पाटीपेक्षा ती चिकटवलेली ओळ जास्त मजेशीर आहे.

तिरसट_नारायणपेठी :
आमच्या दारात दोन वर्षं उभे राहा आणि मग मजा सांगा. ट्रकवाला स्वतःच्या ट्रकवर लिहितो, शेजाऱ्याच्या नाही.

ठेचा_भाकर :
भाऊ एक गोष्ट सांगा, विनोद काय फक्त पुण्यातच होते का? आमच्याकडं अकोल्यात माणूस तोंडावर बोलते म्हणून पाटी लावाची गरज पडत नाही. तुमचं एक पत्र्याचं पान काय निघालं, गावोगाव फोटो फिरून राह्यले. आमच्या म्हातारीनं दिवसाकाठी जे टोमणे मारले त्याचे फोटो काढाले लोक असते तं आज आमी श्रीमंत असतो.

गणित_बाई :
नाव का महत्त्वाचं ते मी सांगते. आमच्या सोसायटीच्या ग्रुपवर रोज सकाळी गुलाबाचं फूल आणि त्यावर बायकोचा विनोद. बायको म्हणजे साडी, मोबाइल आणि सासूशी भांडण, याच्या पलीकडे काही नाही. एकदा मी बोलले, तर अर्ध्या तासात तोच विनोद पुलंच्या फोटोवर परत आला आणि खाली 'मॅडम, आता बोला'. म्हणजे थोराचं नाव लावलं की विनोद चांगला आणि मी विनोदबुद्धी नसलेली. हा फरक पडतो. आणि चित्राचं म्हणाल तर गुलाबाचा त्या वाक्याशी संबंध काय? शाळेत आमच्या गणिताच्या पुस्तकात शि. द. फडणीसांची चित्रं होती, खाली एक शब्द नसायचा आणि अख्खा वर्ग हसायचा. व्यंगचित्रकार आर. के. लक्ष्मण यांचा कॉमन मॅन 1951 पासून टाइम्समध्ये उभा असायचा, तोंडातून अक्षर काढलं नाही कधी.

पेंटरचा_पोरगा :
मी सहसा लिहीत नाही पण पाट्यांचा विषय निघाला म्हणून. माझे वडील पेंटर होते, सातारा रोडला टपरी होती. ह्या पाट्या एवढ्या तुटक का असतात यावर लोक पुणेरी स्वभाव वगैरे सांगतात. अहो, पैसे अक्षरावर असायचे! गिऱ्हाईक यायचं, लांबलचक मजकूर सांगायचं, वडील बोटं मोजत आकडा सांगायचे की लगेच 'कृपया' उडायचं. मग 'आपली' उडायचं. उरायचं ते 'गाडी लावू नये'. निम्मा उद्धटपणा त्या हिशोबाचा आहे. सुतळीला खडू फासून दोघांनी ताणून धरायची आणि चिमटीने उचलून सोडायची, पत्र्यावर सरळ रेघ उमटायची, ते दुसरं टोक धरायला मी असायचो. आता फ्लेक्सवाला चौरस फुटावर पैसे घेतो म्हणून लोक निबंध छापतात.

चाळीतला_चष्मा :
हे भारीच. पण जोडाक्षराचं काय? एक धरायचे की दोन?

पेंटरचा_पोरगा :
तिथेच तर भांडणं व्हायची. एक जण 'ज्योत्स्ना स्टोअर्स' घेऊन आला. तो म्हणे ज्यो, त्स्ना, स्टो, अ, र्स, पाचच अक्षरं. वडील म्हणाले ज, य, त, स, न, स, ट, अ, र, स, दहा. सात वर तुटलं, आणि वडिलांनी मुद्दाम त्स्ना एवढं चिकटून काढलं की लांबून 'ज्योला स्टोअर्स' दिसायचं.

लेखणी_सत्याग्रही :
साफ चूक. मराठीत अक्षर म्हणजे स्वरासकट उच्चाराचं एकक. 'त्स्ना' हे एकच अक्षर. पाचाचेच पैसे व्हायला हवे होते. गिऱ्हाइकाला लुबाडलं म्हणायचं.

पेंटरचा_पोरगा :
ब्रश तुम्ही धरला होता का? ऑइलपेंटला व्याकरण कळत नाही. 'त्स्ना'ला 'क'च्या तिप्पट वेळ जातो. लुबाडलं हा शब्द मागे घ्या.

लेखणी_सत्याग्रही :
वैयक्तिक घेऊ नका, मी नियम सांगितला. त्याच पेंटर लोकांनी गावभर 'आशिर्वाद' ऱ्हस्व लिहून ठेवलाय, आता तोच फोटोंवर फिरतो.

गणित_बाई :
'आशीर्वाद'च्या ऱ्हस्वदीर्घाला पैसे सारखेच पडतात, त्यामुळे तो दोष पेंटरच्या हिशोबाचा नाही, गिऱ्हाइकाच्या चिठ्ठीचा. आणि 'लुबाडलं' खरंच मागे घ्या.

लेखणी_सत्याग्रही :
घेतलं. नियम मात्र मागे घेणार नाही.

धुळे_एक्सप्रेस :
सगळे हसताय म्हणून सांगतो. 1 जुलै 2018 ला आमच्या जिल्ह्यात राईनपाड्याला मुलं पळवणारी टोळी समजून पाच भिक्षुकांना जमावाने ठार मारलं, त्या अफवा फोनवरच फिरत होत्या. त्याच महिन्यात व्हॉट्सॲपने भारतात एका वेळी पाचच चॅटना फॉरवर्डची मर्यादा आणली. 'खरं असो खोटं असो काय फरक पडतो' हे वाक्य मला तेव्हापासून सहन होत नाही.

चाळीतला_चष्मा :
काहीही! बेलच्या पाटीचा विनोद आणि राईनपाडा एका तागडीत? मग हसायचंच बंद करा ना. ह्याला म्हणतात उंदराच्या बिळात तोफ लावणं.

धुळे_एक्सप्रेस :
बोट तेच असतं हो, पुढे ढकलणारं. न वाचता ढकलायची सवय एकदा लागली की मजकूर कुठला हे कोण बघतो. मारल्या गेलेल्या त्या पाचांतल्या एकाच्या घरी मी जाऊन आलोय, जास्त लिहीत नाही.

ठेचा_भाकर :
हे वाचून पोटात गोळा आला राजेहो. माझी म्हातारीची गंमत राहू द्या आता.

चाळीतला_चष्मा :
ठीक आहे, तोफेचं वाक्य लिहायला नको होतं. पुलंच्या फोटोखालचे विनोदही आजपासून पुढे ढकलणार नाही, नेटपॅकवाला मीच परवा तीन ग्रुपवर टाकला होता, झालं समाधान? पण निनावी विनोद ढकलणारच. तिरसटराव, तुमच्या ग्रुपवर माझ्याकडून आला असेल तर तुमच्या मावसभावाला नमस्कार सांगा.

तिरसट_नारायणपेठी :
मावसभाऊ तुमच्या घाटकोपरलाच राहतो, शक्यता दाट आहे. बाकी पेंटरभाऊ, तुमचा हिशोब वाचून वडिलांना आत्ता फोन केला. ते म्हणाले मूळ मजकूर होता 'कृपया बेल एकदाच वाजवावी, वर आजारी माणूस आहे, खाली उतरायला वेळ लागतो.' पेंटरने आकडा सांगितल्यावर 'कृपया' आणि आजारी माणूस दोन्ही गेलं.

पेंटरचा_पोरगा :
टपरी सातारा रोडची होती का विचारा की. आणि 'कृपया'मधल्या 'कृ'चे दोन धरले होते का तेही.

लेखणी_सत्याग्रही :
'कृ' हे जोडाक्षरच नाही! क ला ऋकार आहे! एकाचेच पैसे!!