मदत हवी आहे: इंग्लंडमधील स्टॉकपोर्टच्या संरक्षित घराच्या खिडक्या

उंबरठा: आम्ही मागच्या वर्षी घेतलेले घर लिस्टेड, म्हणजे ऐतिहासिक इमारतींच्या सरकारी संरक्षित यादीतले आहे. खिडक्यांच्या चौकटी खालून इतक्या कुजल्या आहेत की बोटाने दाबले तरी लाकडाचा भुगा हातात येतो आणि रात्री वारा थेट बाळाच्या पाळण्यापर्यंत पोहोचतो. दुहेरी काचेच्या नव्या खिडक्यांसाठी सुताराला शुक्रवारपर्यंत होकार कळवायचा आहे. परवानगी खरोखरच लागते का?

गवाक्ष: यादीत घराची संरक्षणाची श्रेणी कोणती? खिडक्या मूळच्या आहेत की नंतर बसवलेल्या? एवढे कळल्याशिवाय सल्ला देणे योग्य नाही.

पाणवठा: श्रेणी २ असेल तर फक्त दर्शनी भाग जपावा लागतो. आम्ही बोल्टनला आतली भिंत पाडली, कोणी विचारले नाही.

गवाक्ष: कृपया यावर कोणी विसंबू नये. श्रेणी कोणतीही असो, संरक्षण संपूर्ण इमारतीला आतून-बाहेरून असते. संरक्षित इमारतींच्या १९९० च्या कायद्यानुसार तिचे स्वरूप बदलणारे काम विनापरवाना करणे हा फौजदारी गुन्हा आहे आणि कारवाईच्या नोटिशीला कालमर्यादा नाही.

रानजाई: मँचेस्टरचा टाउन हॉल श्रेणी १ मध्ये, म्हणजे सर्वात वरच्या श्रेणीत आहे. वास्तुविशारद आल्फ्रेड वॉटरहाउस यांची ही १८७७ ची इमारत २०१८ मध्ये दुरुस्तीसाठी बंद केली, तिथल्या खिडक्यांचे काय केले तेही पाहावे.

काचघर: त्याचा या घराला काय उपयोग? कुजलेला भाग कापून त्याच प्रकारचे लाकूड जोडावे आणि दुय्यम काच, म्हणजे जुन्या खिडकीच्या आतल्या बाजूने आणखी एक वेगळी काच बसवावी. आमच्या घरात वारा पूर्ण थांबला आणि जुनी काचही वाचली.

गवाक्ष: जशीच्या तशी दुरुस्ती सहसा परवानगीविना चालते, पण दुय्यम काचेबद्दल आधी कौन्सिलच्या (स्थानिक प्रशासनाच्या) संवर्धन अधिकाऱ्यांना विचारलेले बरे. परवानगीच्या, म्हणजे संमतीच्या अर्जाला शुल्क नाही.

उंबरठा: श्रेणी २ आहे. पुढच्या खिडक्या वर-खाली सरकणाऱ्या, जुन्या लहरी काचेच्या आहेत. मागच्या प्लास्टिकच्या आहेत. त्या आधीच्या मालकाने बसवल्या, म्हणून लिहिले नव्हते.

गवाक्ष: तेच आधी लिहायला हवे होते. मागच्या खिडक्यांना संमती नसेल तर गुन्हा तुमचा ठरत नाही, पण त्या काढून पूर्ववत करण्याची नोटीस आजच्या मालकालाच येऊ शकते. खरेदीच्या वेळची कागदपत्रे तपासा.

उंबरठा: सुताराला थांबवले आहे. वकिलाने दिलेली फाइल दोनदा चाळली, मागच्या खिडक्यांविषयी तिच्यात एकही कागद नाही. सोमवारी कौन्सिलला फोन करते.