'कम्पल्सरी आर्बिट्रेशन' : सक्तीचा लवाद म्हणावं का?

लेखणीबहाद्दर :
माझी मावसबहीण फिलाडेल्फियात राहते. स्वयंपाकघराच्या कामाच्या बिलावरून एका कंत्राटदाराने तिच्यावर दावा लावलाय. कोर्टाच्या कागदावर 'कम्पल्सरी आर्बिट्रेशन' असं आहे. पुण्यात मावशीला समजावं म्हणून मी 'सक्तीचा लवाद' लिहून पाठवलं. मावशीचा लगेच फोन, "लवाद सक्तीचा कसा? हिने कुठल्या करारावर सही केली होती का?" काका पाटबंधारे खात्यातून निवृत्त झालेले, कंत्राटदारांचे लवाद जवळून पाहिलेले. ते म्हणतात, एकदा निवाडा झाला की संपलं, पुढे दाद नाही. दुसरा शब्द आहे का?

दिवाणीवाला :
मावशी आणि काका दोघेही बरोबर आहेत, पण आपल्याकडच्या लवादापुरते. १९९६ च्या कायद्यातला लवाद पक्षकारांच्या करारातून जन्माला येतो. निवाडा पटला नाही तर कलम ३४ खाली तो रद्द करून मागता येतो; मात्र त्याची कारणं मोजकी आहेत आणि कोर्ट पुन्हा पुरावा चाळत बसत नाही. तुमच्या ताईंच्या कागदावरचा प्रकार पेनसिल्व्हेनिया राज्याचा आहे. तिथे १९५२ च्या कायद्याने कोर्टांना मुभा मिळाली की लहान रकमेचे पैशाचे दावे आधी वकिलांच्या मंडळापुढे पाठवायचे. फिलाडेल्फियात आज ही मर्यादा ५०,००० डॉलर आहे. जमिनीच्या मालकीचा वाद असेल तर तो तिकडे जात नाही. मंडळ तीन वकिलांचं. ते कोर्टच नेमतं, मानधनही सरकारी तिजोरीतून. संमती कोणी विचारत नाही. आणि निवाडा पटला नाही तर ३० दिवसांत अपील करून सगळा दावा पहिल्यापासून न्यायाधीशापुढे किंवा ज्युरीपुढे चालवता येतो.

म्हणजे काकांच्या लवादातली संमतीही इथे नाही आणि शेवटही नाही. नाव तेवढं तेच.

गावपंच :
मग सरळ 'पंच' म्हणा की! तीन माणसं बसतात, ऐकतात, निवाडा देतात.

दिवाणीवाला :
आज पंच म्हटलं की एक तर क्रिकेटचा, नाहीतर पंचनाम्यावर सही करणारा. मावशी घाबरतील, पोलीस आले की काय म्हणून.

मोडीप्रेमी :
पंचांतही संमती होतीच बरं का. पेशवाईत पंचायत बसायच्या आधी दोन्ही पक्षांकडून 'राजीनामा' लिहून घेत, म्हणजे पंच देतील तो निर्णय आम्ही राजीखुशीने मानू, असा कागद. त्या राजीनाम्याचा आज नोकरी सोडण्याचा कागद झालाय, ते असो. पुढे इंग्रजांनी मुंबई इलाख्यासाठी १८२७ चा सातवा रेग्युलेशन केला, तोही दिवाणी तंटे लवादाकडे नेण्याबद्दलचाच. १८७६ च्या सुमारास पुण्यात सार्वजनिक सभेने लवाद कोर्टं चालवली, तिथेही लोक आपण होऊन जात.

सक्तीचा नमुना हवा असेल तर १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा बघा. १८७५ मध्ये सुप्याला सावकारांविरुद्ध दंगे झाले, त्यानंतर आलेला. त्यात शेतकऱ्यावर दावा लावायच्या आधी सावकाराला सलोखा करणाऱ्या अधिकाऱ्याकडे जावं लागे आणि त्याचा दाखला आणल्याशिवाय कोर्ट दावा दाखलच करून घेत नसे. पण तो सलोखा घडवायचा, निवाडा द्यायचा नाही. त्यामुळे शब्द म्हणून तोही इथे बसत नाही.

लेखणीबहाद्दर :
आपल्याकडे आज कोर्ट स्वतः लवादाकडे पाठवत नाही का? कलम ८९ असं काहीतरी ऐकलंय.

दिवाणीवाला :
दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम ८९, २००२ पासून लागू. त्यात लवाद, समेट, लोकअदालत, मध्यस्थी असे रस्ते दिलेत. पण २०१० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अ‍ॅफकॉन्स कंपनीच्या दाव्यातल्या निकालात स्पष्ट केलं की सगळ्या पक्षकारांची संमती नसेल तर कोर्ट कोणाला लवादाकडे ढकलू शकत नाही. आणि एकदा तिकडे गेलं की प्रकरण कोर्टाच्या हातून गेलंच, पुढे १९९६ चा कायदा. शब्दवाल्यांना आवडेल असा भाग म्हणजे, त्याच निकालात न्यायालयाने म्हटलंय की कलम ८९ लिहिताना 'मध्यस्थी' आणि 'न्यायिक तडजोड' यांच्या व्याख्यांची अदलाबदल झालीय. संसदेने केलेल्या कायद्यात! तेव्हा आपण एका नोटिशीवर इतके अडलो तर काय बिघडलं.

लेखणीबहाद्दर :
आता खरी अडचण. नोटिशीत पुढे लिहिलंय की एखादा पक्षकार आला नाही तर त्याच तारखेला, त्याच वेळी न्यायाधीश त्याच्या गैरहजेरीत प्रकरण ऐकू शकतील आणि त्या निर्णयावरच्या अपिलात 'ट्रायल डी नोव्हो'चा हक्क नाही. यातल्या ट्रायलला काय लिहू? खटला?

मोडीप्रेमी :
खटला नको, तो फौजदारी वाटतो. सरकारी परिभाषेत 'संपरीक्षा' आहे, पण मावशीला परत फोन करावा लागेल.

दिवाणीवाला :
हे वाक्य सगळ्यात महत्त्वाचं आहे, शब्दांपेक्षाही. मंडळापुढे हजर राहून हरलात तर पुन्हा नव्याने लढता येतं. दांडी मारलीत आणि न्यायाधीशाने तिथेच निकाल दिला, तर ती सोय जाते. नुसतं 'अपील' लिहिलंत तर आपल्या माणसाच्या डोक्यात वरचं कोर्ट आणि खालच्या कोर्टाचे कागद येतात. इथे कागद बाजूला ठेवून साक्षीपुरावा पुन्हा होतो. एकाने अपील केलं की ते सगळ्यांचं, सगळ्या मुद्द्यांवरचं धरलं जातं; म्हणजे कंत्राटदाराला थोडे पैसे मिळाले आणि त्याने जास्तीसाठी अपील केलं, तर मिळालेलंही पुन्हा पणाला लागतं. शिवाय अपील करणाऱ्याने मंडळाच्या मानधनाची रक्कम भरायची असते. १९५५ मध्ये ज्युरीच्या हक्कावरून या पद्धतीला आव्हान दिलं गेलं तेव्हा ती टिकली ती याच आधारावर, की शेवटी ज्युरीचं दार उघडं आहे.

'नव्याने पूर्ण सुनावणी' लिहा. लांब आहे, पण चुकत नाही.

गावपंच :
आणि मूळ शब्दाचं काय ठरलं? पंच तर तुम्ही उडवलेत.

लेखणीबहाद्दर :
मी असं पाठवतेय : "कोर्टाने नेमलेल्या तीन वकिलांपुढे सुनावणी आहे. जाणं सक्तीचं आहे. ते निवाडा देतील. पटला नाही तर ३० दिवसांत कोर्टात नव्याने पूर्ण सुनावणी मागता येते. पण त्या दिवशी गैरहजर राहिल्यास हा हक्क जाऊ शकतो." लवाद शब्द काढूनच टाकला. 'निवाडा' ठेवला, भूसंपादनामुळे काकांना तो पाठ आहे.

मोडीप्रेमी :
उत्तम. फक्त ३० दिवस कधीपासून, तेही लिहा.

दिवाणीवाला :
प्रोथोनोटरीने, म्हणजे कोर्टाचं दप्तर सांभाळणाऱ्या अधिकाऱ्याने, निवाडा नोंदवून कळवल्यापासून.

लेखणीबहाद्दर :
प्रोथोनोटरीला मराठीत काय?

दिवाणीवाला :
तसंच ठेवा. मुंबई हायकोर्टातही प्रोथोनोटरी आहेतच, फोर्टातल्या कारकुनांना कधी अडलेलं नाही.