कहवेखान्यात चहाच का मिळतो?

गिरगावकर : ब्रून मस्का आणि दुधाळ चहा देणारी मुंबईची इराणी हॉटेले, एवढीच माझी इराणी चहाची ओळख. पुढील महिन्यात इस्फहानला जाणे आहे. तेथील चहाच्या दुकानाला ‘कहवेखाना’ का म्हणतात, आणि बसण्या-उठण्याच्या, पैसे देण्याच्या काही रीती आहेत का?

बखरवाचक : कहवा म्हणजे कॉफी. इराणच्या सफवी राजवटीत, म्हणजे सोळाव्या-सतराव्या शतकांत, तेथे खरोखरच कॉफी मिळे. एकोणिसाव्या शतकात रशियन समोवाराबरोबर, म्हणजे पाणी उकळत ठेवण्याच्या धातूच्या भांड्याबरोबर, चहा रुजला. पुढे भारतात इराणच्या वकिलातीचे काम केलेल्या काशेफ-उस्सल्तने यांनी इकडून रोपे नेऊन उत्तर इराणातील लाहिजानला लागवड केली. पेय बदलले, पाटी तीच राहिली. आपल्याकडचे इराणी मालक बहुतेक यझ्द-केरमान भागातून आले. दुधाची सवय मात्र त्यांना मुंबईने लावली.

तेहरानची पाहुणी : मी तेथे दोन वर्षे होते. सतरंजी अंथरलेल्या तख्तावर जोडे काढून बसतात. कमरेत बारीक असलेल्या काचेच्या इस्तकानातून, म्हणजे छोट्या पेल्यातून, कोरा, तांबूस चहा येतो. साखर त्यात ढवळायची नसते. ‘कंद’ म्हणजे साखरेचा टणक खडा पुढच्या दातांत धरून त्यावरून चहाचे घोट घ्यायचे. केशर घातलेली खडीसाखर म्हणजे ‘नबात’, आपल्या जुन्या मराठीतील नाबद तीच. पैशांबाबत म्हणाल, तर मालक ‘काबेल नदारे’, म्हणजे ‘याचे काय एवढे’, असे म्हणतो. मी पहिल्याच दिवशी ते खरे मानून पाकीट आत ठेवले, तेव्हा शेजारच्या आजोबांनी हळूच मान हलवून मला थांबवले. हा ‘तआरोफ’, म्हणजे वरवरचा शिष्टाचार, आहे. दोन-तीनदा आग्रह करून पैसे द्यायचेच असतात.

बखरवाचक : एक भर घालतो. पूर्वी कहवेखान्यांत नक्काल, म्हणजे कथेकरी, हातात काठी घेऊन शाहनामा या फारसी महाकाव्यातील कथा रंगवून सांगत, आणि वीर रुस्तुमाच्या हातून त्याचाच मुलगा सोहराब मरण्याचा प्रसंग आला की, तो लांबवावा म्हणून श्रोते पैसे टाकत, असे सांगतात. 2011 साली युनेस्कोने ही कला तातडीने जपण्याच्या यादीत घेतली. भिंतींवरील रुस्तुम-सोहराबाची चित्रे ही त्याच कथनाची सोबत. जुन्या गल्ल्यांतील कहवेखाने मात्र पुरुषांचेच अड्डे असत. कुटुंबासह जायचे तर ‘सोन्नती’, म्हणजे पारंपरिक, म्हणवणारी, जेवणही देणारी ठिकाणे बरी. तेथे दीझी, म्हणजे मांस-चण्यांचा रस्सा, मागवा. रस्सा ओतून त्यात पाव कुस्करायचा, उरलेले मांस व चणे मुसळीने स्वतःच कुटायचे.

गिरगावकर : आभारी आहे. पाकीट बाहेरच ठेवतो.