‘कायदेशीर वारस’ म्हटले की मृत्युपत्राने जमीन मिळालेला बेकायदेशीर ठरतो का?

अनुवादिका, पुणे:
शेतजमिनीच्या एका दाव्यातील इंग्रजी कैफियत मराठीत आणताना मी एका शब्दाशी अडले आहे. मामांनी आपली ४२ गुंठे जमीन मृत्युपत्राने भाच्याला दिली, आणि ते मृत्युपत्र मान्य नसलेल्या त्यांच्या दोन मुलींनी सातबाऱ्यावर वारस म्हणून आपली नावे लावून घेतली. मुलींसाठी मी ‘कायदेशीर वारस’ आणि भाच्यासाठी ‘लाभार्थी’ असे शब्द योजले होते. मसुदा वाचताना त्या गृहस्थांचे बोट ‘कायदेशीर’पाशी थांबले आणि ते म्हणाले, ‘‘म्हणजे मी बेकायदेशीर का हो? शेवटची सात वर्षं मामांचं आजारपण मी काढलं.’’ मला उत्तर सुचले नाही. शिवाय ‘लाभार्थी’ म्हटले की घरकुलाची यादी डोळ्यांपुढे येते. आपण कोणता शब्द वापराल?

निवृत्त मंडळ अधिकारी, सातारा:
ताई, त्या गृहस्थांची हरकत रास्त आहे. हिंदू उत्तराधिकार अधिनियम, १९५६ याच्या कलम ३० नुसार हिंदू माणसाला आपल्या मिळकतीची, एकत्र कुटुंबातील स्वतःच्या अविभक्त हिश्श्याचीसुद्धा, मृत्युपत्राने व्यवस्था लावता येते. म्हणजे मृत्युपत्रही कायद्यानेच चालते. आमच्या दप्तरात ‘कायदेशीर’ हे विशेषण लागत नसे. गाव नमुना सहा-क मध्ये, म्हणजे वारसांच्या नोंदवहीत, नुसते ‘वारस’ लिहीत आणि मृत्युपत्राच्या बाबतीत फेरफारावर, म्हणजे हक्कबदलाच्या नोंदीवर, ‘मृत्युपत्रान्वये’ असा शेरा येई. नोटीस गेल्यावर पंधरा दिवसांत कोणी हरकत घेतली, तर ती नोंद तक्रारी नोंदवहीत जाई आणि दोन्ही बाजू माझ्यापुढे उभ्या राहत. फेरफार महसुलापुरता असतो, त्याने मालकी ठरत नाही, हे मी प्रत्येकाला सांगत असे, आणि तरीही ज्याचे नाव लागे तो जिंकल्यासारखा पायऱ्या उतरे.

संस्कृतचे निवृत्त प्राध्यापक, नाशिक:
मुळात ‘वारस’ हा अरबी ‘वारिस’वरून आलेला शब्द, आणि त्याला फारसी ‘दार’ जोडून आपण ‘वारसदार’ अशी द्विरुक्ती करून ठेवली आहे. आपल्याकडे ‘दायाद’ हा नेमका शब्द असताना ही उसनवारी कशाला? दाय म्हणजे वाटणीने येणारे धन आणि ते घेणारा तो दायाद. याज्ञवल्क्यस्मृतीवरील ‘मिताक्षरा’ या टीकेत दायविभागाचे स्वतंत्र प्रकरण आहे आणि तिचा कर्ता विज्ञानेश्वर कल्याणीच्या चालुक्यांच्या राज्यातला, म्हणजे आपल्या शेजारचाच. मुलींना ‘दायाद’ आणि भाच्याला ‘मृत्युपत्रग्राही’ म्हणावे.

जतकर:
सर, आपली व्युत्पत्ती मान्य, पण आमच्या कर्नाटक सीमेवरच्या गावांत हा शब्द वापरायची माझी छाती होणार नाही. कन्नडमध्ये ‘दायादि’ म्हणजे भाऊबंद, आणि ‘दायादि कलह’ म्हणजे भाऊबंदकीचा तंटा. माझी आजी ‘दायादी’ म्हणे तेव्हा तिचा रोख बांधावर कुऱ्हाड घेऊन उभ्या राहिलेल्या चुलत्यांकडे असे. शब्द शुद्ध असला तरी वापराने त्याला जो वास लागतो तो धुऊन निघत नाही. ‘वारस’ अरबी असेल, पण माझ्या आईचे नाव वडिलांच्या सातबाऱ्यावर त्याच शब्दाने लागले, तेही आधी ‘इतर हक्क’ या रकान्यात, आणि भावांच्या बरोबरीने यायला तिला वीस वर्षे झगडावे लागले. तो शब्द आमचा झालेला आहे.

मडगावकर:
आमच्याकडे ही जोडीच वेगळी पडते. गोव्यात पोर्तुगीज दिवाणी संहितेच्या परंपरेतून आलेला उत्तराधिकाराचा कायदा आहे. त्यानुसार मुले असताना माणसाला आपल्या हिश्श्यातील निम्माच भाग मृत्युपत्राने हवा त्याला देता येतो आणि उरलेला निम्मा मुलांसाठी राखीव असतो. शिवाय जो संपूर्ण मालमत्ता किंवा तिचा अंश घेतो तो मृत्युपत्राने आलेला असला तरी वारसच, आणि ज्याला एखादी ठरावीक वस्तू किंवा जमिनीचा ठरावीक तुकडा मिळतो तो निराळा. म्हणून ‘वारस विरुद्ध मृत्युपत्रवाला’ ही मांडणी सगळीकडे लागू आहे, असे अनुवादात गृहीत धरू नये.

गृहिणी, ठाणे:
मला ‘मृत्युपत्र’ या शब्दाबद्दलच बोलायचे आहे. माझे सासरे स्वकष्टार्जित दोन एकरांचे मृत्युपत्र करायला तयार नव्हते, कारण ते नाव तोंडातून काढणे त्यांना अशुभ वाटे. ‘इच्छापत्र’ म्हटल्यावर त्यांनी दोन साक्षीदारांसमोर सही केली. तोच शब्द रूढ व्हावा, असे मला मनापासून वाटते.

निवृत्त मंडळ अधिकारी, सातारा:
वहिनी, भावना समजते, पण २०१८ साली सर्वोच्च न्यायालयाने उपचार थांबवण्याविषयी आधीच लिहून ठेवण्याला मान्यता दिल्यापासून ‘इच्छापत्र’ हा शब्द त्या कागदासाठीही वापरात आहे. व्हेंटिलेटर लावू नका असे सांगणारा कागद आणि जमीन कोणाला जावी हे सांगणारा कागद एकाच नावाने ओळखले गेले, तर घोटाळा होईल.

संस्कृतचे निवृत्त प्राध्यापक, नाशिक:
तो घोटाळा ‘वैद्यकीय’ हे विशेषण लावून टळतो. मृत्युपत्र न करता वारलेल्यासाठी अधिनियमाच्या मराठी पाठात असलेला ‘अकृतमृत्युपत्र’ हा शब्द मात्र मला आजही सुंदर वाटतो.

जतकर:
आणि तो एकाही शेतकऱ्याला समजत नाही.

अनुवादिका, पुणे:
मसुदा मंगळवारी द्यायचा आहे. ‘कायदेशीर’ खोडून मी मुलींना नुसते ‘वारस’ म्हटले आहे आणि भाच्याला ‘मृत्युपत्रान्वये हक्क सांगणारे’.

निवृत्त मंडळ अधिकारी, सातारा:
ताई, हक्क तर मुलीही सांगतच आहेत.