वेगवान कट म्हणजे नटाचे अपयश झाकणे?

कातरकाम : "दोन सेकंदांहून लहान कट दिसले की नटाला मारामारी जमलेली नाही, असे खुशाल समजावे," हे काल येथे केले गेलेले विधान मला मुळीच मान्य नाही. 'मॅड मॅक्स : फ्युरी रोड' (2015) या गाड्यांच्या पाठलागाच्या चित्रपटात दोन तासांत सुमारे 2700 कट आहेत, तरीही कोणती गाडी कुठे आहे, हे सहसा हरवत नाही, कारण महत्त्वाची गोष्ट फ्रेमच्या मध्यावर ठेवण्याची शिस्त चित्रीकरणातच पाळली होती आणि मार्गारेट सिक्सेल यांच्या संकलनात प्रत्येक कटनंतर नजरेला शोधाशोध करावी लागत नाही. दोष कटांच्या संख्येचा नसून नजरेची वाट तोडण्याचा आहे.

उडीमास्तर : ते विधान माझे आहे आणि मी ते मागे घेणार नाही. मी स्टंटची कामे केली आहेत. एकदा जिन्यावरून सात वेळा पडलो. पडद्यावर आले ते खांदा, बूट आणि कठडा असे तीन तुकडे. माणूस पडला हे कोणाला दिसलेच नाही. हात निघतो, पोचतो आणि समोरचा कोलमडतो, हे एकाच शॉटमध्ये दिसल्याशिवाय फटक्याला वजन येत नाही.

मागची रांग : हाँगकाँगच्या मारधाडपटांनी हे वजन कट करूनच आणले आहे. लांबच्या शॉटमध्ये फटका बसतो, आणि जवळचा शॉट दोन-तीन फ्रेम (फिल्मवरची एकेक स्थिर चित्रे) मागून सुरू होऊन तोच फटका पुन्हा दाखवतो. सेकंदाला 24 फ्रेम असताना ही पुनरावृत्ती जाणवत नाही. फटका तेवढा जोरकस वाटतो. शिवाय तुम्ही दोघेही ध्वनी विसरलात. आवाज बंद करून कोणतीही हाणामारी पाहा, गालापासून वीतभर दूरून गेलेली मूठ लगेच उघडी पडते.

उडीमास्तर : माझे दुखणे नेमके तेच आहे! धप्प आवाज नंतर चिकटवता येतो, म्हणून सेटवर अंतराचा सराव करायला वेळच दिला जात नाही.

कातरकाम : सरावाला वेळ न देणे हा निर्मात्याचा दोष आहे, तो ध्वनी आणि संकलनाच्या माथी मारू नका. अचूक दिलेल्या फटक्यालाही आवाज लागतोच, कारण खरी मूठ पडद्यावर शोभेल एवढी वाजत नाही.

उडीमास्तर : आवाजाचे मान्य, कटांचे नाही. मात्र कठड्याचा तो तुकडा तीन फ्रेम मागून सुरू केला असता, तर माझे पडणे निदान जुळले असते.