घोरपडीचं पिल्लू नव्हे, सांडा
इथे टाकलेल्या जैसलमेरच्या फोटोतल्या प्राण्याला वर दोघांनी घोरपडीचं पिल्लू म्हटलंय, पण तो सांडा आहे, म्हणजे काटेरी शेपटीचा सरडा. शेपूट बघा, काटेरी खवल्यांची कडी एकामागोमाग एक. घोरपडीची शेपटी लांब, निमुळती असते. मांडीवरचा निळसर डागही सांड्याचाच.

हा मुख्यतः गवत, पानं, फुलं खातो. कडक जमिनीत स्वतः बीळ खणतो, आत गेला की बिळाचं तोंड मातीने बुजवतो. थंडीत बाहेर पडतच नाही म्हटलं तरी चालेल. म्हणून तो बघायला राजस्थानातल्या तालछापर अभयारण्यात उन्हं तापायला लागल्यावर जा आणि बिळापासून लांब, अगदी स्तब्ध बसा. आधी गडद दिसणारा सांडा ऊन खाऊन फिकट होताना पाहणं फार सुंदर असतं.

आणि कळकळीने सांगते, रस्त्यावर औषध म्हणून विकतात ते सांड्याचं तेल कुणीही घेऊ नका. ती त्याच्या शेपटीतली चरबी असते, त्यासाठी त्याला मारतात.