मदत हवी आहे: मनाई हुकूम हातात आहे, पोलीस संरक्षण कुठे मागायचे?

नमस्कार. कोर्टकचेरीच्या कामाचा अनुभव असलेल्यांनी कृपया वाचावे.

आईच्या नावावरच्या शेतजमिनीचा वाद आहे. वाटप वडील असतानाच झाले, सातबारा वेगळा, वहिवाट आईची. वडील गेल्यावर चुलते बांधालगतची पट्टी आपली म्हणू लागले. आम्ही दावा लावला. निशाणी 5 च्या, म्हणजे तात्पुरत्या मनाईच्या अर्जावर दोन्ही बाजू ऐकून कोर्टाने दाव्याचा निकाल लागेपर्यंत आईच्या वहिवाटीला हरकत करायला मनाई केली. त्यावर अपील झालेले नाही. तरीही नांगरटीला ट्रॅक्टर गेला की चुलतभाऊ आडवे येतात.

पोलीस ठाण्यात हुकमाची नक्कल दिली. अदखलपात्र नोंद झाली, आणि भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 168 ची (गुन्हा घडू नये म्हणून पोलीस देतात ती) नोटीस दोन्हीकडे आली. जिच्या बाजूने कोर्टाचा हुकूम आहे तिलाच शांतता राखा म्हणून बजावले, हे आईला फार लागले आहे. पोलिसांचे उत्तर एकच: बाब दिवाणी आहे, बंदोबस्ताचा आदेश आणा.

एक नातेवाईक म्हणतात, थेट उच्च न्यायालयात राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली रिट याचिका करा. आमचे वकील म्हणतात, इथेच, दावा चालू असलेल्या कोर्टात, कलम 151 खाली अर्ज देऊ. कोणते बरोबर? काकांना तुरुंगात पाठवायचे नाही मला, त्यांच्याच अंगाखांद्यावर वाढले मी. पेरणीच्या वेळी आईला तिच्या शेतात निर्धास्त उभे राहता यावे, इतकेच हवे आहे.

प्रतिसाद

ताई, तुमच्या वकिलांचा रस्ता मला योग्य वाटतो. ज्या कोर्टाने हुकूम दिला त्यालाच तो राबवण्यासाठी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 151 खाली पोलिसांची मदत देता येते. पी. आर. मुरलीधरन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 2006 मध्ये सांगितले आहे की, वादातला दिवाणी हक्क पोलीस संरक्षणाच्या रिटमधून ठरवून घेता येत नाही, त्यासाठी दिवाणी कोर्टातच जावे लागते. तुमच्याकडे निदान तात्पुरता हुकूम तरी आहे, पण उच्च न्यायालय पहिला प्रश्न हाच विचारेल की खालच्या कोर्टात मदत मागितली का.

पोलिसांवर राग समजतो. पण जमीन कोणाची हे ठरवणे त्यांचे काम नाही, आणि ते त्यांच्या हाती जाऊ नये हेच बरे. उद्या समोरच्याची ओळख वरपर्यंत निघाली तर?

हुकूम मोडल्याबद्दल त्याच संहितेच्या आदेश 39 नियम 2-अ चा अर्जही करता येतो. त्यात मालमत्ता जप्ती किंवा तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. तुम्हाला ते नको असेल तर फक्त मदतीचा अर्ज द्या, दोन्ही एकत्र द्यायची सक्ती नाही. आणि स्वतःहून जादा बंदोबस्त मागितलात तर महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम 47 प्रमाणे खर्च अर्जदाराला भरावा लागतो, हे लक्षात ठेवा.

धागाकर्ती

खूप आभार दादा. एक अडचण आहे. हुकमात गट नंबर आणि चतुःसीमा आहेत, पण काकांचे म्हणणे की ती पट्टी त्या चतुःसीमेत येतच नाही. मग पोलीस आले तरी कुठे उभे राहणार?

प्रतिसाद

खरी मेख तिथेच आहे. हद्द संदिग्ध असेल तर बंदोबस्ताचा आदेश मिळूनही बांधावर तोच वाद होईल, आणि पोलीस हात वर करतील. वकिलांना विचारून त्याच संहितेच्या आदेश 26 खाली कोर्ट कमिशनर (जागेची पाहणी करून कोर्टाला अहवाल देणारा) नेमण्याचा अर्ज द्या. भूमी अभिलेखाच्या मोजणीदाराकडून खुणा होऊन नकाशा कोर्टात दाखल झाला की वाद निम्मा होतो. मोजणीच्या दिवशी अडथळा होईल अशी भीती वाटत असेल तर त्या दिवसापुरती पोलीस मदत त्याच अर्जात मागा.

संरक्षणाच्या अर्जात मोघम लिहू नका. कोणत्या तारखेला, कोणी, कुठे अडवले ते लिहा, अदखलपात्र नोंदीची प्रत जोडा, कोणत्या कामासाठी आणि किती काळ मदत हवी तेही सांगा. नुसते 'संरक्षण मिळावे' लिहिलेत तर प्रतिवादी म्हणतील की पोलिसांच्या आडून ताबा घ्यायचा डाव आहे. काम 'नांगरट व पेरणी' एवढेच मागा. काकांना नोटीस जाऊन त्यांचे म्हणणे दाखल होऊ द्या, त्यासाठी एखादी तारीख गेली तरी चालेल. त्यांना ऐकून झालेला आदेश वरच्या कोर्टात टिकायला सोपा. हंगाम जवळ असेल तर अर्ज आत्ताच द्या.